बकाल, बाजिल्ला आणि फुफाटा

कुवेतला नव्याने आलेला मराठी माणूस पहिल्या आठवड्यातच एका पाटीपाशी थबकतो. सालमिया असो, फहाहील असो की अब्बासिया, जवळजवळ प्रत्येक गल्लीत तळमजल्यावर एक किराणा दुकान असतं आणि त्यावर लिहिलेलं असतं 'बकाला'. दूध, अंडी, कांदे-बटाटे, फोनचं रिचार्ज, सगळं तिथे मिळतं. चार-सहा महिन्यांत हा शब्द आपल्या घरात इतका रुळतो की 'खाली बकाल्यात जाऊन कोथिंबीर घेऊन ये' असं आई मुलाला सहज सांगते. गावाहून आलेली आजी मात्र ते ऐकून दचकते. तिच्या मराठीत बकाल म्हणजे अस्ताव्यस्त, गलिच्छ, वस्तीची रया गेलेलं. बकाल वस्ती, बकाल शहर. स्वच्छ मांडलेल्या दुकानाला हे नाव कशाला?

दोन्ही शब्दांचं मूळ एकच आहे. त्या बकाल्याच्या फळीवर डब्यात भरून ठेवलेल्या द्विदल दाण्याचं नावही त्याच घराण्यातलं आहे. हे नातं मला फार मोलाचं वाटतं, कारण त्यात आपल्या भाषेने एका कष्टाळू माणसावर केलेला अन्यायही दिसतो.

मुळापासून सांगायला हवं. अरबीत 'बक्ल' म्हणजे जमिनीतून उगवणारी हिरवी खाण्याजोगी वनस्पती, भाजीपाला. कुराणाच्या दुसऱ्या सूऱ्यात मूसाचे लोक एकाच अन्नाला कंटाळून जमिनीत उगवणारे पदार्थ मागतात, तिथे काकडी, मसूर आणि कांद्याच्या आधी पहिलं नाव या बक्लचं आहे. आजच्या अरबीत कडधान्यांना 'बकूलियात' म्हणतात तेही यातूनच. एखादं काम पेशा म्हणून करणाऱ्यासाठी अरबीत एक ठरलेला साचा आहे. मधलं व्यंजन दुहेरी करायचं आणि त्यापुढचा स्वर लांबवायचा. ओझं वाहतो तो हम्माल, नाणी पारखून बदलून देतो तो सर्राफ, वाट दाखवून सौदा जुळवतो तो दल्लाल. तसा बक्ल विकतो तो बक्काल, आणि त्याचं दुकान ते बकाला. मराठीने फारसीच्या हातून हे शब्द घेतले, त्यांची जोडाक्षरं सैल केली आणि हमाल, सराफ, दलाल, बकाल असे चार सख्खे भाऊ आपल्या घरात आणले.

चौघांचं नशीब मात्र सारखं निघालं नाही. सराफ सोन्यापाशी बसला म्हणून त्याची अब्रू शाबूत राहिली, इतकी की ते आडनाव झालं. हमालाने मान मिळवला नाही, पण त्याचं काम कोणी नाकारलं नाही. दलालाचं नाव निम्मं बिघडलं. बकाल मात्र माणूस म्हणून उरलाच नाही, त्याचं नुसतं विशेषण झालं. उत्तरेत ही घसरण आधीच सुरू झाली असावी. 1556 मध्ये पानिपतच्या दुसऱ्या लढाईत अकबराच्या सैन्याशी लढलेल्या हेमूला फारसी बखरकार 'हेमू बक्काल' म्हणतात, आणि दिल्लीच्या तख्तापर्यंत गेलेल्या माणसाची दुकानदारी काढून दाखवण्याचा सूर त्यात ऐकू येतो. मराठीतही बकाल हा आधी किरकोळ धान्य-किराणा विकणारा वाणीच होता. फौजेबरोबर बाजार चाले, त्यात वाणी, बकाल, बुणगे अशी सगळी माणसं तंबू-पालं घेऊन फिरत. मला वाटतं, त्या पालांच्या गर्दीवरून हा शब्द माणसावरून जागेवर सरकला. आज 'शहराला बकाल रूप आलं आहे' असं लिहिणाऱ्याला आपण एका दुकानदाराचं नाव घेतो आहोत याची कल्पनाही नसते. तुर्कस्तानात कोपऱ्यावरचा दुकानदार आजही 'बक्काल' आहे, ग्रीसमध्ये तो 'बकालिस' झाला, आणि दोन्हीकडे तो साध्या इभ्रतीने जगतो. एवढं पतन आपल्याकडेच झालेलं दिसतं.

आता त्या दाण्याकडे वळू. मोठ्या चपट्या दाण्याचा एक पावटा, ज्याला शास्त्रज्ञ व्हिसिया फाबा म्हणतात, त्याचं जुनं अरबी नाव 'बाकिल्ला'. अरबी कोशांत ते बक्लच्याच मुळाखाली नोंदवलेलं सापडतं. फारसीत तो बाकेला किंवा बाकाली, तुर्कीत बकला, आणि उत्तर हिंदुस्थानात हिंदी बोलणारे शेतकरी त्याला बाकला म्हणतात. महाराष्ट्रात हे पीक फारसं नाही, म्हणून आपल्या कानाला नाव अनोळखी वाटतं. कुवेतमध्ये मात्र त्याचा उच्चार आहे 'बाजिल्ला'. हा 'ज' कुठून आला?

इथे कुवेती बोलीची एक खोड समजून घेतली की सगळं शहर उलगडू लागतं. घशाच्या तळातून निघणारा अरबी 'क' या बोलीत 'ग' होतो, आणि शेजारी इकार असेल तर पुष्कळदा थेट 'ज'. विहिरीला ग्रंथांतल्या अरबीत 'कलीब', कुवेतीत 'जिलीब'. ज्या जलीब अल-शुयूख भागात हजारो भारतीय राहतात, त्या नावाचा अर्थ शेखांची विहीर. भांड्याला 'किद्र', कुवेतीत 'जिदिर'. बाकिल्लातल्या 'क'पुढे इकार आहे म्हणून बाजिल्ला, आणि बक्कालात इकार नाही म्हणून दुकानाचं नाव बोलताना 'बग्गाला'. एकाच मुळातले दोन शब्द एकाच नियमाने वेगळे झाले, आणि तो नियम बाजारात उभं राहून कानांनी तपासता येतो. भाषेच्या अभ्यासकाला याहून चांगली शाळा मिळणार नाही.

बाजिल्ला हे कुवेतचं जुनं थंडीतलं खाणं. सालीसकट दाणे मऊ उकडायचे, त्यात लाल मिरची आणि 'लूमी' घालायची. लूमी म्हणजे मिठाच्या पाण्यातून काढून उन्हात वाळवलेलं, आतून काळं पडलेलं लिंबू. शब्दही आपल्या निंबू-लिंबूच्याच कुळातला. खाताना दाण्याच्या डोळ्यापाशी दातांनी साल फोडायची आणि दोन बोटांनी दाबायचं. गर तोंडात निसटतो, साल हातात उरते. जोडीला नेहमी 'नखी' असते, म्हणजे उकडलेले छोले. फारसी 'नखुद' आखातात येऊन नखज झाला, आणि कुवेती बोलीत ज चा य होतो म्हणून नखज चा नखी. मुबारकिया बाजारात आणि रमजानमध्ये रात्री उशिरा भरणाऱ्या 'गब्गा'च्या पंगतीत ही जोडी आजही दिसते.

पण रात्रभर मंद धगीवर शिजणारा जो प्रकार जगभर गाजला त्याचं नाव वेगळं, 'फूल मुदम्मस'. हा मिसरचा, म्हणजे इजिप्तचा, आणि मिसरी कामगार-शिक्षकांबरोबर आखातभर पसरलेला. फूल हे त्याच दाण्याचं दुसरं नाव. हिब्रूत तो 'पोल', आणि बायबलच्या जुन्या करारात त्याचा उल्लेख आहे, यावरून शब्दाचं वय कळावं. मराठी मुलांना न्याहारीला फूल खायचं म्हटलं की मजा वाटते. अरबीत मोगऱ्यालाही जवळपास तसाच शब्द आहे, 'फुल्ल'. त्यात उकार ऱ्हस्व आणि ल दुहेरी. दीर्घ उकाराने न्याहारी, ऱ्हस्व उकाराने गजरा.

'मुदम्मस' हा शब्द मला सगळ्यांत लोभस वाटतो. द-म-स या अरबी धातूचा अर्थ झाकणं, पुरणं, दडवणं. मुदम्मस म्हणजे पुरलेलं. कैरोत सार्वजनिक हमाम असत. त्यांचं पाणी तापवायला शहराचा केरकचरा जाळत, आणि त्या भट्टीची राख रात्रभर धगधगत राही. फूल विकणारे संध्याकाळी आपली अरुंद गळ्याची, मोठ्या पोटाची भांडी त्या राखेत आणून पुरत आणि पहाटे काढून नेत. गळा अरुंद असल्याने वाफ फार निसटत नसे, दाणा फुटत नसे, रस आटून करपत नसे. आंघोळीच्या पाण्याच्या उरल्या धगीवर सगळ्या शहराची न्याहारी शिजे. हमाम, हमामखाना हे शब्द आपल्याकडेही आले, पण ही न्याहारी काही त्यांच्याबरोबर आली नाही.

द-म-स मराठीत उतरला नाही, पण त्याच अर्थाचा दुसरा धातू आपल्याला चांगला माहीत आहे, द-फ-न. दफन. मराठीत हा शब्द फक्त मृत्यूपाशी उभा असतो. मोरोक्कोतल्या ज्यूंच्या घरात मात्र याच धातूपासून झालेला 'दफिना' शनिवारच्या जेवणाचा मुख्य पदार्थ आहे. शब्बाथला विस्तव पेटवायचा नाही, म्हणून शुक्रवारी सूर्य मावळायच्या आत छोले, मांस, अंडी यांचं भांडं निखाऱ्यांत पुरून ठेवायचं आणि दुसऱ्या दिवशी उघडायचं. अटलांटिकपलीकडे अमेरिकेतल्या मेन राज्यात लाकूडतोड्यांच्या तळांवर जमिनीत खड्डा खणून, तळाशी निखारे घालून, घेवड्याचं लोखंडी भांडं मातीखाली गाडून ठेवायची रीत होती. मेनच्या लाकूडतोड्यांनी हे कैरोकडून शिकावं असा संबंध दिसत नाही. वाळलेला दाणा जाळावर घाईने शिजत नाही, हे सगळीकडे सारखंच खरं आहे.

आपल्याकडे या पुरण्याला शब्द आहे तो फुफाटा. वर राख आणि आत विस्तव, असा तो गरम थर. 'आगीतून फुफाट्यात' ही म्हण आपण रोज वापरतो, पण ती ज्याने घडवली त्याला चुलीचं पक्कं ज्ञान होतं. जाळ डोळ्यांना दिसतो, विझवता येतो. फुफाटा शांत दिसतो आणि तासन्‌तास भाजत राहतो. म्हणूनच तो जास्त वाईट, आणि स्वयंपाकाला जास्त चांगला. रताळी, कांदे, वांगी फुफाट्यात पुरायची. चुलीच्या शेजारी 'वैल' असायचा, तिथे मुख्य जाळाची उरलेली धग यायची आणि दूध किंवा आमटी तासभर हलकेच रटरटत राहायची. गॅसच्या शेगडीला वैल नाही, म्हणून शब्दही चालला.

आणि रायगडची पोपटी. अलिबाग-पेणकडे थंडीत वालाच्या शेंगा भरल्या की मडक्याच्या तळाशी भांबुर्ड्याचा पाला, वर शेंगा, मीठ, ओवा, पुन्हा पाला, असं गच्च भरायचं, तोंडही पाल्यानेच बुजवायचं आणि मडकं शेतात उपडं घालून भोवती पेंढा-काटक्यांची आग लावायची. पाण्याचा थेंब नाही. शेंगा स्वतःच्या ओलाव्यात शिजतात आणि भांबुर्ड्याचा उग्र वास दाण्यापर्यंत जातो. कैरोचा फूल आणि रायगडची पोपटी यांत वेळेचा फरक मोठा आहे, कारण एक दाणा वाळका आणि दुसरा ओला. पण मातीचं भांडं आणि कोंडलेली वाफ दोन्हीकडे आहे, आणि सालीतून बोटांनी काढून खायचा पावटा पोपटीत आहे तसा बाजिल्लातही. वालाचं बिरडं करताना सोललेले मोड आलेले वाल हातात घेतले की मला नेहमी बाजिल्ला आठवतो. बिरडं हा शब्द संस्कृत 'विरूढ' म्हणजे मोड फुटलेलं, यावरून आलेला. आपण पदार्थाचं नाव अंकुरावरून ठेवलं, मिसरी लोकांनी राखेत पुरण्यावरून.

एक इशारा इथेच द्यायला हवा. मुदम्मस आणि दम बिर्याणीतला दम यांचा काही संबंध नाही. तो दम फारसी, त्याचा अर्थ श्वास, वाफ. मराठीत 'दम लागला', 'दम धर' म्हणतो तोच. मंद शिजवणं आणि झाकण लावणं दोन्हीकडे असल्यामुळे हे नातं जोडायचा मोह होतो, आणि तसं छातीठोकपणे सांगणारेही भेटतात. ध्वनी जुळला म्हणून कुळ जुळत नाही.

कुवेतच्या फ्लॅटमध्ये ना हमामाची राख, ना शेत. जुन्या कुवेतमध्येसुद्धा जळण म्हणजे वाळवंटातलं अरफज नावाचं झुडूप, जे साफात नावाच्या चौकात विकायला येई. आता ओव्हन आहे आणि तो फुफाट्याचं काम चोख करतो. आमच्या घरी रीत अशी. अर्धा किलो वाळका बारीक फूल रात्रभर, बारा तास भिजवायचा, पाणी एकदा बदलायचं. जाड बुडाच्या, घट्ट झाकणाच्या भांड्यात दाण्यांच्या वर चार बोटं पाणी घालून आधी शेगडीवर दहा मिनिटं खळखळून उकळायचं आणि वरचा फेस काढायचा. मग मूठभर मसुराची डाळ टाकायची. ही मिसरी युक्ती आहे, डाळ विरघळून रस दाट होतो. त्यात भोकं पाडलेली एक लूमी घातली की पदार्थ निम्मा कुवेती झाला. झाकण लावून ओव्हनमध्ये 110 ते 120 अंशांवर सात-आठ तास. मध्ये एकदा बघायचं, लागलं तर गरमच पाणी घालायचं. गार पाणी पडलं की साल चिवट होते. ढवळायचं नाही. मीठ अगदी शेवटी. झाकण उघडल्यावर दाणा अख्खा दिसतो, पण चमच्याचा भार पडताच लोण्यासारखा बसतो. वर जिरेपूड, लसूण, लिंबू, तेल. सोबत तन्नूरमधून निघालेली इराणी रोटी. तन्नूर हा शब्द अक्कादी 'तिनूरु'पासून चालत आला आणि आपल्याकडे तंदूर झाला.

घाई असेल तर बकाल्यातला डबा आहेच. 'कॅलिफोर्निया गार्डन' या अमेरिकन वाटणाऱ्या नावाचा फूल ज्या अमेरिकाना कंपनीचा, ती 1964 मध्ये कुवेतमध्येच स्थापन झाली. एक गोष्ट मात्र गंभीरपणे लक्षात ठेवावी. ज्यांच्या रक्तात जी-सिक्स-पी-डी या विकराची कमतरता आहे, त्यांना या दाण्याने तांबड्या पेशी फुटून जिवावरचा आजार होऊ शकतो. आखातात आणि आपल्याकडच्या काही समाजांत, विशेषतः पारशी समाजात, ही कमतरता आढळते. घरात तसा इतिहास असेल तर आधी तपासणी करावी, मगच बाजिल्ला खावा.

कुवेती स्वयंपाकघरात आणखी एक शब्द आहे जो संस्कृत शिकलेल्याला थांबवतो, 'मुमव्वश'. मूग घालून शिजवलेला हा भात, बहुधा सुक्या कोळंबीबरोबर वाढतात. अरबी-फारसीत मुगाला 'माश', आणि माश घातलेला तो मुमव्वश. फारसी माश आणि संस्कृत माष एकाच घराण्यातले, फक्त आपला माष उडीद आहे आणि त्यांचा माश मूग. मराठीत माष खाण्यातून गेला आणि सोनाराच्या तराजूत जाऊन बसला. आठ गुंजांचा एक मासा, बारा माशांचा एक तोळा. वालही तसाच, तीन गुंजांचं वजन म्हणजे एक वाल. गुंज हेही बीच. अरबी 'कीरात', ज्याचा कॅरट झाला, तोही मूळ ग्रीकमधला, खरनूब नावाच्या झाडाच्या शेंगेतल्या बियांवरून आलेला. सोनं आणि मोती तोलायला माणसाने ठिकठिकाणी द्विदल दाणे उचलले. कुवेतच्या मोत्यांची मोठी पेठ मुंबई होती. मोत्याचं वजन आणि मोल यांचा मेळ घालणारं 'चव' हे माप मुंबईत आणि आखातात दोन्हीकडे चाले, आणि रती, म्हणजे गुंजही. जपानी संवर्धित मोत्यांनी आणि 1929 नंतरच्या मंदीने तो धंदा बुडाला, पण जुने शब्द व्यापाऱ्यांच्या वह्यांत राहिले.

शब्दांची ही ये-जा एकतर्फी नव्हती. कुवेतची लाकडी गलबतं बसऱ्याचा खजूर घेऊन मुंबईला आणि मलबारला येत, आणि परतताना लाकूड, मसाले, तांदूळ यांच्याबरोबर शब्द नेत. म्हणून रॉकेलच्या स्टोव्हला जुने कुवेती 'चूला' म्हणतात, बटाट्याला 'आलू', लोणच्याला 'अचार'. आंब्याचं आंबट-तिखट लोणचं इराकपासून आखातापर्यंत 'अंबा' नावाने विकलं जातं, आणि तो आपलाच आंबा आहे. चलनही आपलंच होतं. 1959 पर्यंत साधा हिंदी रुपया, मग आखाती रुपया, आणि 1961 मध्ये दिनार आल्यावर तो कुवेतमध्ये बंद झाला. पैशाला 'बैझा' म्हणणारे वृद्ध कुवेती आजही भेटतात.

त्या रुपयात पगार घेतलेली आपली माणसं अजून थोडी आहेत. अहमदीच्या तेल कंपनीत, बंदरावर, रुग्णालयांत, स्वयंपाकघरांत त्यांनी नोकऱ्या केल्या आणि मग रत्नागिरी, चिपळूण, महाड, मुंबईला परतली. त्यांच्या बोलण्यात असे शब्द अडकलेले आहेत, जे ना मराठी कोशात आहेत ना अरबी. तुमच्या घरात, शेजारात असं कोणी असेल तर त्यांना भांड्यांची, दाण्यांची, दुकानांची नावं विचारा, आणि कोणत्या साली, कोणत्या वस्तीत ती ऐकली तेही लिहून ठेवा. आणि पुढच्या वेळी एखाद्या वस्तीला बकाल म्हणण्याआधी दुसरा शब्द शोधा. मराठीत गचाळ आहे, ओंगळ आहे, अस्ताव्यस्त आहे. बकाल हे एका दुकानदाराचं नाव आहे.